विलंबाचा दोष कोणाकडे?

शासकीय सेवेत असताना एक वाक्य आम्ही इतक्या वेळा लिहिले, आणि इतरांनी लिहिलेले इतक्या वेळा संमत केले, की आज कोणी झोपेतून उठवून विचारले तरी ते बिनचूक सांगता येईल. मूळ हिंदीतले ते वाक्य मराठीत साधारण असे होईल : 'याचिकाकर्त्याने अक्षम्य विलंबाने न्यायालयात धाव घेतली असून विलंबाचे समाधानकारक स्पष्टीकरण दिलेले नाही, सबब याच एका कारणावरून याचिका फेटाळण्यास पात्र आहे.' शिस्तभंगाच्या शिक्षेविरुद्ध कोणी कर्मचारी उच्च न्यायालयात गेला की आमच्या मध्य प्रदेशात त्या प्रकरणापुरता एक प्रभारी अधिकारी नेमला जातो. तो नस्ती काखेत घेऊन शासकीय वकिलांकडे जातो, परिच्छेदवार उत्तराचा मसुदा तयार करतो, आणि त्या उत्तराच्या माथ्यावर 'प्राथमिक आक्षेप' म्हणून हे वाक्य बसते. चौकशी झाली होती काय, शिक्षा अपराधाच्या मानाने योग्य होती काय, हे प्रश्न त्याच्या खाली. वरचा आक्षेप मान्य झाला तर खालच्या मजल्यावर उतरण्याचे कारणच पडत नाही.

निवृत्तीनंतर या वाक्याने आम्हांस पुष्कळ छळले आहे. ते खोटे असे म्हणून नव्हे. बहुतेक वेळा ते खरेच असे. परंतु खरे वाक्य उच्चारण्याचा अधिकार प्रत्येकालाच असतो काय, हा प्रश्न सेवेत असताना आमच्या मनात कधी आला नाही, आणि आता आला आहे तो जात नाही.

नियमाच्या बाजूने जे बोलण्यासारखे आहे ते आधी बोलले पाहिजे, कारण ते थोडे नाही. एक मनुष्य सेवेतून काढला जातो. त्याची जागा रिकामी राहत नाही. कोणी तिच्यावर बढतीने येतो, त्याच्या जागी आणखी कोणी, आणि पाच-सात वर्षांत ज्येष्ठतेची यादी अशी घट्ट विणली जाते की एक धागा ओढला तर दहा माणसांच्या संसाराला झोळ पडतो. त्या दहांनी कोणाचे काही वाईट केलेले नसते. शिवाय साक्षीदार मरतात, चौकशी अधिकारी दुसऱ्या टोकाला बदलून जातो, आणि जुन्या नस्त्या मुदत संपली की नियमाप्रमाणे नष्ट केल्या जातात. अशा वेळी शासनाने आपली बाजू कशाच्या आधारावर मांडावी? वर्षानुवर्षे स्वस्थ बसून, दुसऱ्या कोणाला निकाल अनुकूल लागला हे ऐकून जागे होणारेही आम्ही पाहिले आहेत. जो जागा राहतो त्यालाच न्याय साहाय्य करतो, हे जुने वचन निर्दयपणाचे नाही.

राज्यघटनेच्या २२६ व्या अनुच्छेदात याचिकेसाठी मुदत लिहिलेली नाही. ती न्यायालयांनी विवेकाने घालून घेतली. १९६४ मध्ये आपल्या जुन्या मध्यभारतातील तंबाखूच्या व्यापाऱ्यांचे, चुकून भरलेल्या विक्रीकराच्या परताव्याचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयासमोर होते. तेव्हा असे ठरले की दिवाणी दाव्याला जी मुदत असते ती याचिकेसाठीही वाजवी कालावधीचे माप म्हणून साधारणतः धरावी. सेवेच्या बाबतीत तर पायऱ्याच ठरलेल्या आहेत. शिक्षेचा आदेश हाती पडल्यापासून ४५ दिवसांत विभागीय अपील करावयाचे. त्यापुढे १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमात अपिलाच्या निकालापासून एक वर्ष. आणि अपिलावर सहा महिन्यांत उत्तरच आले नाही तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष. १९८९ मध्ये मध्य प्रदेशातल्याच एका बडतर्फ कर्मचाऱ्याच्या प्रकरणात सात न्यायाधीशांच्या पीठाने हीच दृष्टी पक्की केली. नियमाने दिलेले अपील घड्याळ थांबवते; नियमाबाहेरची, मनधरणीची, पुनःपुन्हा केलेली अभ्यावेदने ते थांबवत नाहीत. (महाराष्ट्रात ज्याला निवेदन म्हणतात त्याला आमच्या कचेऱ्यांत अभ्यावेदन म्हणतात. शब्द जितका भारदस्त, तितके त्याचे उत्तर दुर्मीळ.)

आता ज्या गृहस्थामुळे हा लेख लिहावा लागत आहे त्यांच्याकडे येतो. त्यांना आपण नाना म्हणू. आम्ही एका जिल्हा कार्यालयात मधल्या फळीचे अधिकारी होतो तेव्हा ते तेथे लेखा शाखेत लिपिक होते. वयाने आमच्याहून मोठे, पदाने कनिष्ठ. आपल्यापैकीच एका जुन्या घराण्यातले. कचेरीत हिंदी आणि जिना उतरताना मराठी, असा आमचा व्यवहार. १९९६ मध्ये एका देयकात त्यांच्या हातून रकमेची चूक झाली. चूक त्यांचीच होती, हे ते स्वतःही नाकारत नसत. पैसे वेळीच वसूल झाले, शासनाचा रुपयाही बुडाला नाही. परंतु साहेबांचा राग होता. एक कारणे दाखवा नोटीस, तिचे दोन ओळींचे उत्तर, आणि आठवडाभरात आदेश निघाला : दोन वेतनवृद्धी संचयी प्रभावाने रोखण्यात येत आहेत.

'संचयी प्रभावाने' हे दोन शब्द वाचकांपैकी जे सेवेत होते त्यांना समजावून सांगावे लागणार नाहीत, इतरांसाठी सांगतो. वेतनवृद्धी नुसती रोखली तर ठरावीक काळानंतर ती परत मिळते आणि पगार मूळ रुळावर येतो. संचयी प्रभावाने रोखली तर ती कायमची गेली. मनुष्य निवृत्त होईपर्यंत दोन पायऱ्या खालीच चालतो. म्हणून १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, पंजाबातील एका प्रकरणात, ही मोठी शिक्षा असून रीतसर विभागीय चौकशीवाचून देता येत नाही, असे सांगितले होते. नानांच्या बाबतीत चौकशी झालीच नव्हती. आदेश पहिल्या दिवसापासून सदोष होता आणि हे आम्हांस ठाऊक होते.

नाना संध्याकाळी आमच्या खोलीत आले. 'साहेब, अपील करू का?' आम्ही दार लोटून घेतले आणि सांगितले, 'आत्ता नको. साहेब तापलेले आहेत. अपील केलेत तर उद्या अलीराजपूरला बदली होईल. घरी आई अंथरुणावर आहे ना? साहेब वर्ष-दोन वर्षांत जातील. मग शांतपणे अर्ज करा, आम्ही आहोतच.' नाना म्हणाले, 'तुम्ही म्हणता तसं.' पंचेचाळीस दिवस निघून गेले.

सल्ला हितबुद्धीचा होता. तशा बदल्या होत, आम्ही पाहिल्या होत्या. पण या वयात लपवून काय करावयाचे : अपील झाले असते तर ते आमच्याच मेजावरून वर गेले असते, आणि त्यावर 'चौकशी झालेली नाही' असा अभिप्राय आम्हांसच साहेबांविरुद्ध लिहावा लागला असता. हे तेव्हा मनात आलेच नव्हते असे म्हणवत नाही.

शिक्षा पहिल्या वर्षांत टोचत नाही, ही तिची खुबी. महागाई भत्ता धरून महिन्याला दीड-दोनशे रुपयांचा फरक. मनुष्य म्हणतो, जाऊ द्या. पण पाचव्या वेतन आयोगाच्या वेळी नवे वेतन जुन्या मूळ वेतनावरून बसते, सहाव्याच्या वेळी पुन्हा तसेच, आणि शेवटी पेन्शन शेवटच्या वेतनाच्या निम्म्यावर. पुढे पत्नीला कुटुंब निवृत्तिवेतन मिळेल तेही त्यावरच. १९९८ मध्ये साहेब गेले, तेव्हा नानांनी पहिले अभ्यावेदन दिले. मग २०००, २००३, २००६, २०१०. प्रत्येकाची पोचपावती त्यांनी जपून ठेवली. उत्तर एकदाच आले : 'प्रकरण विचाराधीन आहे.' २०११ मध्ये ते निवृत्त झाले. त्यांच्याच दिवशी रुजू झालेल्या सहकाऱ्याची पेन्शन पाहिली तेव्हा दोन वेतनवृद्धींचे खरे वजन त्यांना कळले. २०१३ मध्ये त्यांनी याचिका केली.

येथे एका जुन्या वचनाकडे वळावेसे वाटते. मुदतीची कल्पना इंग्रजांनी आणली असे आपण समजतो, कारण सर्व दाव्यांना लागू असा मुदतीचा कायदा १८५९ मध्ये झाला. पण याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायात ती स्पष्ट आहे : परका आपल्या जमिनीचा उपभोग घेत असताना जो पाहतो आणि बोलत नाही, त्याची जमीन वीस वर्षांनी जाते, इतर धन दहा वर्षांनी. अट दुहेरी आहे. पाहिले पाहिजे आणि बोलले नसले पाहिजे. ज्याला दिसलेच नाही, किंवा ज्याला बोलता आले नाही, त्याचे काय? लगेच पुढच्या श्लोकात अपवाद येतात, त्यांत अज्ञान बालक आणि मंदबुद्धी आहेत, स्त्रियांचे धन आहे, ठेव आणि गहाण आहे. आणि राजाचे धनही आहे. हा शेवटचा अपवाद आजही टिकून आहे, हे गमतीने नमूद करण्याजोगे. १९६३ च्या मुदत अधिनियमात सामान्य माणसाला बहुतेक दाव्यांसाठी तीन वर्षे आहेत, तर शासनाला दाव्यासाठी तीस.

याहून सूक्ष्म गोष्ट विज्ञानेश्वरांनी केली. ते कल्याणीच्या चालुक्यांच्या दरबारातले. आजचे बसवकल्याण बीदर जिल्ह्यात आहे, हैदराबादकडील वाचकांना ते जवळचे. मिताक्षरेत ते म्हणतात की अशा मौनाने स्वामित्व जात नाही, मधल्या काळातील फळ तेवढे जाते. शेत तुमचेच, पण इतकी वर्षे दुसऱ्याने खाल्लेले पीक मागू नका. ही विभागणी आम्हांस अतिशय न्याय्य वाटते. आणि गंमत पाहा, २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने लष्करातून १९८३ मध्ये वैद्यकीय कारणावरून घरी पाठवलेल्या एका जवानाच्या अपंगत्व पेन्शनविषयी जे ठरवले ते याच वळणाचे आहे. तो सोळा वर्षांनी न्यायालयात आला. पेन्शनचा हक्क मान्य, परंतु थकबाकी याचिकेच्या मागील तीनच वर्षांची. चूक दर महिन्याला चालू राहणारी असेल आणि तिसऱ्या कोणाचे बिघडत नसेल, तर विलंब हक्काला मारत नाही, फळाला कापतो.

मग नानांनाही तोच न्याय का नको? येथे आळंदीचे प्रकरण आडवे येते. ज्ञानेश्वर महाराजांच्या समाधिमंदिरातील गुरव पुजाऱ्यांना संस्थानच्या विश्वस्तांनी पूजेवरून दूर केले होते. एका अर्थी तीही बडतर्फीच. गुरवांनी दावे लावले ते फार उशिरा, आणि म्हणणे असे मांडले की पूजेला अडवणे रोज घडते, म्हणून अन्यायही रोज नव्याने घडतो आणि मुदत कधी संपतच नाही. १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे मानले नाही. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती गजेंद्रगडकर, आपल्या साताऱ्यात जन्मलेले, पुढे सरन्यायाधीश झाले. त्यांनी केलेला भेद आजही प्रमाण मानला जातो : कृत्याने झालेली इजा एकदाच पूर्ण झाली असेल, तर तिचे दुष्परिणाम कितीही वर्षे चालू राहिले तरी ती चालू राहणारी चूक नव्हे. हात तुटला तो एका दिवशी. तो रोज नसतो म्हणून रोज तुटत नाही. गुरवांना ज्या दिवशी काढले त्या दिवशी इजा पूर्ण झाली.

२००८ च्या निकालातही याच भेदाचा आधार आहे. जवानाला जे दर महिन्याला द्यावयाचे ते दिलेच जात नव्हते. नानांच्या बाबतीत मात्र १९९६ चा एक आदेश मध्ये उभा होता, आणि तो रद्द झाल्याशिवाय महिन्याचा फरक चुकीचा ठरत नव्हता. आम्ही पुष्कळ विचार केला, वकील मित्रांशीही बोललो. नानांचे प्रकरण आळंदीच्या बाजूला पडते, असेच आमचे मत झाले आहे. २०१६ मध्ये त्यांची याचिका विलंबाच्या कारणावरून फेटाळली गेली, ती काटेकोर पाहता चुकली असे आम्हांस म्हणता येत नाही. न्यायालयापुढे जे कागद होते त्यांवरून दुसरे काय दिसणार होते?

परंतु न्यायालय चुकले नाही म्हणजे कोणीच चुकले नाही असे होत नाही. दिवाणी दाव्यात मुदत संपली असेल तर प्रतिवादीने आक्षेप न घेताही दावा फेटाळणे न्यायाधीशावर बंधनकारक असते. याचिकेत तसे नाही. तेथे विलंब हा न्यायालयाच्या विवेकाचा भाग आहे, आणि शासनाने तो आक्षेप घेतलाच पाहिजे असे कोणी सांगितलेले नाही. उलट १९७९ मध्ये, मद्रास बंदराच्या विश्वस्त मंडळाच्या एका प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने सुनावले होते की नागरिकाचा न्याय्य हक्क हाणून पाडण्यासाठी सार्वजनिक संस्थेने मुदतीचा आधार घेणे शोभत नाही. म्हणजे आमचे ते प्रसिद्ध वाक्य लिहिणे ही प्रत्येक वेळी एक निवड होती. आम्ही तिला नमुना समजत होतो.

शासन स्वतःच्या विलंबाकडे कसे पाहते हेही आम्ही जवळून पाहिले आहे. मध्य प्रदेश शासनाने एका पोलीस अधिकाऱ्याविरुद्ध १९७५-७६ च्या सुमाराच्या गोष्टींसाठी बारा वर्षांहून अधिक काळाने विभागीय चौकशी काढली. १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती बंदच ठेवली, कारण इतक्या विलंबाचे पटेल असे कारण शासनापाशी नव्हते. २०२० मध्ये याच शासनाचे एक अपील ६६३ दिवस उशिरा आले, तेव्हा वेळ वाया घालवल्याबद्दल पंचवीस हजार रुपयांचा भुर्दंड बसला. त्या उशिराची कारणे आम्ही न वाचताही सांगू शकतो : कागद उपलब्ध नव्हते, मंजुरी वरून यावयाची होती, नस्ती एका मेजावरून दुसऱ्या मेजावर फिरत होती. हीच कारणे एखाद्या लिपिकाने आपल्या उशिरासाठी दिली तर आम्ही त्यांना 'समाधानकारक' म्हटले असते काय? आणि लिपिकाचे खरे कारण तर कागदावर लिहिण्यासारखेही नसते. 'साहेबांची भीती वाटत होती' हे कोणत्या अर्जात लिहावे? लिहिले तर पुरावा कोणता जोडावा?

पाहत होता आणि बोलला नाही, ही स्मृतीची अट. नाना पाहत होते. बोलत का नव्हते हे जगात दोनच माणसांना ठाऊक होते. शिवाय १९९८ नंतर ते पाच वेळा बोलले. ऐकणारे कार्यालय पावतीवर शिक्का मारून गप्प बसले. कायदा म्हणतो की अशा बोलण्याने घड्याळ थांबत नाही. ठीक आहे. पण ज्याने पाच वेळा ऐकून उत्तर दिले नाही, त्याने समोरच्याच्या मौनावर बोट ठेवावे, हे कायद्यात बसले तरी आमच्या मनात बसत नाही.

आणि ते बोट ठेवणाऱ्यांत आम्ही होतो, हे अजून सांगावयाचे राहिले. २०१४ मध्ये आम्ही वरिष्ठ कार्यालयात होतो. नानांच्या याचिकेवरील उत्तराचा मसुदा तपासणीसाठी आमच्या मेजावर आला. नाव पाहताच ओळखले. पहिल्या परिच्छेदात ते वाक्य होते, आणि विलंब 'सोळा वर्षांचा' असे लिहिले होते. आम्ही हिशोब केला. १९९६ ते २०१३. लाल शाईने 'सोळा' खोडून 'सतरा' केले, सही केली आणि नस्ती पुढे पाठवली. प्रभारी अधिकाऱ्याला बोलावून हा आक्षेप गाळा, असे सांगता आले असते. पाच अभ्यावेदने अनुत्तरित आहेत, असे निदान समासात लिहिता आले असते. आपण या प्रकरणापासून दूर राहू इच्छितो, असे कळवता आले असते. त्या दिवशी टपाल फार होते, एवढेच आठवते.

आमच्या निवृत्तीनंतर एकदा नाना घरी आले. घराला रंग देण्यास काढले होते, जुने कागद आवरत होते. म्हणाले, 'ही फाईल तुमच्याकडे राहू दे साहेब, माझ्याकडे वाळवी लागेल.' आमच्याने राहवले नाही. मसुदा आमच्या हातून गेला होता हे त्यांना सांगितले. ते काही वेळ पंख्याकडे पाहत राहिले. मग म्हणाले, 'ठाऊक आहे मला. माहितीच्या अधिकारात नस्तीची नक्कल काढली होती. तुमचं अक्षर मी ओळखणार नाही का?' मग आईंच्या शेवटच्या आजारपणाविषयी बोलले. बदली झाली नाही म्हणून अखेरपर्यंत त्यांच्यापाशी राहता आले, हे त्यांनी दोनदा सांगितले. चहा घेतला आणि गेले.

फाईल आमच्या कपाटात आहे. तिच्यात पाच पोचपावत्या आहेत, याचिकेचा निकाल आहे, आणि सर्वांत खाली त्या पानाची नक्कल आहे. नकलेत लाल शाई काळी दिसते.